महावडाचा घेर का दिलेला नाही?

हावड्याजवळ शिबपूरच्या वनस्पती उद्यानातल्या महावडाच्या माहितीत बुंध्याचा घेर नाही, हे कसं, असं वर विचारलंय. कारण तो बुंधाच आता नाही. १८६४ आणि १८६७च्या वादळांत झाड जबर जखमी झालं, बुरशी आत शिरली आणि १९२५ साली मुख्य खोड काढून टाकावं लागलं. त्याचा घेर १५ मीटरच्या वर होता. खोड गेलं तरी वड जगला. आज तो साडेतीन हजारांहून जास्त पारंब्यांवर उभा आहे आणि पसारा दीड हेक्टरच्याही पुढे गेलाय.

म्हणून वडाची नोंद करणाऱ्यांना माझं कळकळीचं सांगणं, नुसत्या घेरावर थांबू नका. जमिनीत रुजलेल्या पारंब्या वेगळ्या मोजा, लोंबणाऱ्या वेगळ्या. पसारा निदान दोन दिशांनी मोजा, पूर्व-पश्चिम आणि दक्षिणोत्तर.

घेर मात्र जमिनीपासून १.३७ मीटर उंचीवरच घ्यावा. आमच्या गावच्या वडाला टेप लावला तेव्हा खरी अडचण कळली. पारंब्या बुंध्याला चिकटून एकजीव झाल्यात, मधे हात जाईल एवढ्या खाचा. टेप खाचांतून आत-बाहेर फिरवला की आकडा उगाच फुगतो. तो ताणूनच धरायचा, आणि चिकटलेल्या पारंब्या धरून मोजलंय की सोडून, हे आकड्याशेजारीच लिहायचं. फोटोत शेजारी माणूस उभा करा.