एलजीबीटीक्यूमध्ये ‘टी’ (ट्रान्सजेंडर) कसा आला? भित्तिपत्रकासाठी मदत हवी

तापीकाठ: जळगावात कॉलेजच्या कार्यक्रमासाठी भित्तिपत्रक करतोय. लिंगओळख (आपण स्वतःला स्त्री, पुरुष की आणखी काही मानतो) वेगळी, आकर्षण वेगळं. मग ट्रान्सजेंडर आणि समलिंगी लोक एकाच चळवळीत कसे?

भुसावळकर: पोलिसांनी आणि कायद्यानं दोघांना कधी वेगळं धरलंच नाही, म्हणून. 1884 चा खैराती खटला घ्या. बायकांच्या कपड्यांत गाणाऱ्या खैरातीला कलम 377 (‘अनैसर्गिक’ संभोगाचा गुन्हा) खाली शिक्षा झाली, आधार काय तर पोशाख आणि वैद्यकीय तपासणी. गुन्हा कधी, कुठे, कोणासोबत, काहीच सांगता येईना. शेवटी अलाहाबाद हायकोर्टानं शिक्षा रद्द केली.

सातपुडा: अमेरिकेचा भाग गोड करून लिहू नका. स्टोनवॉलनंतर (न्यूयॉर्कच्या स्टोनवॉल बारवरच्या पोलीस छाप्याविरुद्ध 1969 मध्ये झालेला उठाव), 1970 मध्ये, सिल्व्हिया रिवेरा आणि मार्शा जॉन्सन या ट्रान्स कार्यकर्त्यांनी रस्त्यावरच्या बेघर पोरांसाठी ‘स्टार’ संघटना काढली. आणि 1973 च्या न्यूयॉर्कमधल्या समलिंगी हक्क मेळाव्यात रिवेरा बोलायला उभ्या राहिल्या तेव्हा आपल्याच लोकांनी त्यांची हुर्यो उडवली. फार वाईट वाटतं वाचताना.

भुसावळकर: बरोबर. भारतातल्या दोन तारखांची गल्लत मात्र टाळा: सुप्रीम कोर्टाची तृतीय लिंगाला मान्यता 15 एप्रिल 2014, आणि प्रौढांमधले संमतीचे समलिंगी संबंध गुन्हा नाहीत हा कलम 377 चा निकाल 6 सप्टेंबर 2018.

धुळेकर: अहो, जळगावात लावताय तर जिल्ह्यातलं भादली बुद्रुक गाव हवंच! तिथल्या ग्रामपंचायतीला ट्रान्सजेंडर असलेल्या अंजली पाटील यांनी महिला राखीव जागेवर भरलेला अर्ज फेटाळला गेला होता. औरंगाबाद खंडपीठानं 2 जानेवारी 2021 ला तो ग्राह्य धरायला लावला, कारण स्वतःची लिंगओळख स्वतः ठरवण्याचा हक्क. त्या निवडूनही आल्या.