गणपूर्तीअभावी तहकूब झालेली सभा आणि मिशेल्सचा पोलादी नियम

कोथरूडकर वाचक (प्रश्न)

गेल्या रविवारी आमच्या गृहनिर्माण संस्थेची वार्षिक सर्वसाधारण सभा झाली. ठरलेल्या वेळी गणपूर्ती झाली नाही, म्हणून सभा अर्धा तास तहकूब करण्यात आली आणि अर्ध्या तासाने, आता गणपूर्तीची अट उरली नाही असे सांगून, आलेल्या ११ जणांनी विषयपत्रिकेवरचे सर्व विषय मंजूर केले. व्यवस्थापक समितीवर दहा वर्षे तीच मंडळी आहेत. ती प्रामाणिक आहेत आणि त्यांच्याविरुद्ध उभे राहायला कोणी तयार नसते, हे मी आधीच नमूद करते.

समाजशास्त्राच्या एम.ए.साठी मी सध्या जर्मन समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मिशेल्सचा अल्पजनसत्तेचा पोलादी नियम वाचत आहे. संघटना कोणतीही असो, तिची सूत्रे अखेर मूठभरांच्या हाती जातात, हा त्याचा सिद्धान्त त्या सभेत मला पदोपदी आठवत होता. आधुनिक राज्यावर नोकरशाहीची पकड वाढतच जाणार, असे त्याचा समकालीन जर्मन समाजशास्त्रज्ञ मॅक्स वेबर यानेही मांडले. तेव्हा अभिजात समाजशास्त्रज्ञांच्या मते आधुनिक समाजातील लोकशाही हा केवळ देखावा ठरतो, असे समजावे काय? आणि शंभर वर्षांपूर्वीच्या युरोपातील निरीक्षणे पुण्यातील एका सोसायटीला लावणे कितपत योग्य आहे?

निवृत्त प्राध्यापक, भांडारकर रस्ता

मिशेल्स वाचताना त्याने कोणाचा अभ्यास केला होता, ते विसरू नये. १९११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ग्रंथाचा मुख्य आधार जर्मनीचा सोशल डेमोक्रॅटिक पक्ष होता, आणि तो स्वतः त्या पक्षाचा सभासद राहिलेला होता. समतेसाठी जन्मलेल्या पक्षातच जर निधी, वृत्तपत्रे आणि पगारी कार्यकर्ते हाती असलेले नेतृत्व कायमचे होऊन बसते, तर इतरत्र काय होईल, असा त्याचा युक्तिवाद होता. मोठ्या समूहाला रोजचे निर्णय घेता येत नाहीत, कामाला तज्ज्ञता लागते, आणि आपले ओझे कोणीतरी उचलते आहे याबद्दल सामान्य सभासदाला कृतज्ञताच वाटते, अशी कारणे त्याने तपशिलाने दिली आहेत. पुढे तो इटलीत फॅसिस्ट पक्षात गेला. त्यावरून त्याचे निरीक्षण खोटे ठरत नाही. परंतु ही निराशा माणसाला कोठवर नेऊ शकते, हे मी वर्गात आवर्जून सांगत असे.

वेबरला मात्र त्याच्या शेजारी बसवण्याची घाई करू नये. नोकरशाही लोकशाहीवर बाहेरून चालून येते, असे त्याने मानले नाही. कायद्यापुढे सर्व समान असावेत, वशिल्याने कामे होऊ नयेत, ही लोकशाहीचीच मागणी आहे, आणि ती पुरी करायची तर नियमांनी बांधलेला, प्रशिक्षित, पगारी अधिकारी लागतो. पुढे तोच अधिकारी आपल्या गोपनीय माहितीच्या बळावर लोकप्रतिनिधींना निष्प्रभ करू शकतो. हा पेच दिसत असतानाही १९१७ मध्ये वेबरने समान मताधिकाराची बाजू घेतली. प्रशियात तेव्हा त्रिवर्गीय मतपद्धती होती, म्हणजे भरलेल्या करावरून मताचे वजन ठरत असे, आणि आघाडीवरून परतणाऱ्या सैनिकाच्या वाट्याला हलके मत यावे हे त्याला असह्य वाटत होते. संसदीय समित्यांना प्रशासनाची चौकशी करण्याचा अधिकार हवा, हा त्याचा आग्रहही त्याच काळातला आहे. २८ जानेवारी १९१९ रोजी म्युनिकमध्ये दिलेल्या व्याख्यानात त्याने राजकारणाला कठीण फळीत सावकाश, जोर लावून भोक पाडण्याची उपमा दिली. देखाव्यासाठी कोणी एवढे कष्ट सांगणार नाही. थेट जनतेने निवडलेल्या प्रभावी नेत्यावर त्याने जो भरवसा ठेवला, तो मात्र मला आजही धोक्याचा वाटतो.

लेखापरीक्षक, सहकार क्षेत्र

मी गृहनिर्माण संस्थांचे लेखापरीक्षण करतो, त्यामुळे तज्ज्ञतेचे कारण मला रोज दिसते. सिंकिंग फंड (मोठ्या दुरुस्तीसाठीचा राखीव निधी), थकबाकीवरचे व्याज, मानीव अभिहस्तांतरणाची (बिल्डरने न दिलेली जमिनीची मालकी संस्थेच्या नावे करून घेण्याची) कागदपत्रे हे सारे एकट्या सचिवाला ठाऊक असते आणि इतरांना ते समजून घेण्याचा कंटाळा असतो. परंतु विषयपत्रिकेवर पुनर्विकासाचा प्रस्ताव आला की त्याच संस्थेत बसायला खुर्च्या पुरत नाहीत, आणि एरवी गप्प असणारे सभासद चटई क्षेत्राचा हिशेब तोंडपाठ सांगतात. एक विषय बदलल्याने जो नियम वाकतो, त्याला पोलादी कसे म्हणावे, असा माझा साधा प्रश्न आहे.

वाचक, औंध

लेखापरीक्षकांनी सांगितले ते फ्रेंच विचारवंत अलेक्सी द तॉकव्हीलनेही पाहिले होते. तुरुंगांची पाहणी करण्याच्या निमित्ताने तो १८३१-३२ मध्ये सुमारे नऊ महिने अमेरिकेत फिरला. देशाच्या भवितव्यात ज्याला रस नाही अशा माणसाच्या जमिनीच्या कडेने रस्ता न्यायचे ठरले, की सार्वजनिक प्रश्न आणि आपले हित यांचा संबंध त्याला तत्काळ उमगतो, असे त्याने नोंदवले, आणि म्हणूनच स्थानिक सभांना त्याने एवढे महत्त्व दिले. समतेच्या युगात प्रत्येक जण आपले कुटुंब आणि चार स्नेही एवढ्यात मिटून जाईल आणि उरलेले सारे एका सौम्य, काळजीवाहू सत्तेवर सोपवून देईल, ही त्याची मोठी भीती होती. आपल्या सभेला न आलेल्या मंडळींना कोणी अडवले नव्हते, ही गोष्ट त्याला सर्वांत जास्त खटकली असती.

आपल्या दुसऱ्या प्रश्नाला अद्याप कोणी हात घातलेला नाही आणि मला तोच अधिक महत्त्वाचा वाटतो. १८७० मध्ये पुण्यात सार्वजनिक सभा स्थापन झाली, तेव्हा सभासदाला किमान ५० जणांचे मुखत्यारपत्र आणावे लागे. मताधिकार नसलेल्या देशात प्रातिनिधिकतेचा एवढा आग्रह धरणारी ती माणसे मला फार मोठी वाटतात. तरीही तीनच वर्षांनी, २४ सप्टेंबर १८७३ रोजी, याच शहरात जोतीराव फुल्यांना सत्यशोधक समाज काढावा लागला. आणि १८८५ मध्ये मराठी ग्रंथकारांच्या सभेचे निमंत्रण त्यांनी नाकारले, कारण जे सर्व माणसांचे मानवी हक्क मनापासून मान्य करत नाहीत, त्यांच्या सभांशी आपल्या सभा जुळणार नाहीत, असे त्यांचे स्पष्ट म्हणणे होते. तॉकव्हीलने संस्थांचे गुण गायिले आहेत. आपल्याला त्यांच्या दारापाशीही थांबून, आत कोणाला घेतले जाते आणि कोण बाहेर राहते, हे पाहावे लागते.

त्यासाठी फ्रेंच समाजशास्त्रज्ञ एमिल दुर्खीम अधिक उपयोगी पडतो. व्यक्ती आणि राज्य यांच्यामध्ये मधले गट नसतील तर राज्य व्यक्तीला चिरडून टाकेल, हे त्याचे म्हणणे परिचित आहे. त्याचा पुढचा अर्धा भाग आपल्याकडे क्वचितच सांगितला जातो : मधले गटही आपल्या सभासदाला गिळू पाहतात, त्यांच्या पकडीतून त्याला सोडवणे हे राज्याचे काम आहे, आणि या दोन शक्तींच्या ताणातूनच व्यक्तीचे स्वातंत्र्य निर्माण होते. येथे गटाच्या जागी जात हा शब्द घालून पाहावा. दुर्खीमच्या मनात व्यावसायिक संघ होते आणि जात जन्माने चिकटते, हा फरक मोठा आहे. पण त्या फरकामुळेच राज्याच्या हस्तक्षेपाची गरज येथे वाढते, असे माझे मत आहे.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी २२ डिसेंबर १९५२ रोजी पुण्यातच, जिल्हा विधी ग्रंथालयापुढे बोलताना, लोकशाही यशस्वी होण्यासाठी आवश्यक असलेल्या अटी सांगितल्या. समाजात ठळक विषमता नसावी, ही त्यांची पहिली अट होती, आणि बहुसंख्याकांचा अल्पसंख्याकांवर जुलूम नसावा, हीही एक होती. राजकीय बहुमत बदलते आणि जन्माधारित बहुमत बदलत नाही, हा त्यांनी अन्यत्र केलेला भेद लक्षात घेतला, तर युरोपातील विचार येथे कोठपर्यंत पोहोचतो आणि कोठे त्यात भर घालावी लागते, ते नेमके दिसू लागते.

कोथरूडकर वाचक

सर्वांची मी मनापासून आभारी आहे. देखावा हा शब्द मी मागे घेते. औंधच्या वाचकांचा दाराविषयीचा मुद्दा वाचल्यावर मी आमच्या संस्थेतील घरे मनाशी मोजली. एकूण ४८ सदनिकांपैकी १७ सदनिकांत भाडेकरू राहतात, त्यांतील काही कुटुंबे सात-आठ वर्षांपासून येथे आहेत, आणि पाणी किंवा पार्किंगविषयीचा प्रत्येक ठराव त्यांना लागू होतो. पण ते सभासद नसल्यामुळे सभेची सूचनाही त्यांच्यापर्यंत जात नाही. गैरहजरांचा विचार करताना मी त्यांना धरलेच नव्हते. निदान सूचनेची एक प्रत त्यांना द्यावी आणि त्यांचे म्हणणे सभेपूर्वी लेखी मागवावे, अशी विनंती मी सचिवांना करणार आहे. लेखापरीक्षकांनी कृपया सांगावे, उपविधींमध्ये त्याला काही आडकाठी आहे काय?