अनुभव धागा: नाक्यावर, गाडीत, खोलीत झालेली झडती. गोव्यात तुमच्या वाट्याला काय आलं?

धागाकर्ती (वकील, म्हापसा)

एनडीपीएसच्या म्हणजे अमली पदार्थांच्या खटल्यांत मी बचावाचं काम करते. बरीचशी प्रकरणं विधी सेवा प्राधिकरणाकडून येतात, म्हणजे वकील लावायची ऐपत नसलेल्या माणसांची. खटला कितीही वर्षं चालो, वाद शेवटी एकाच प्रसंगावर येतो: झडती कशी झाली? कुणी विचारलं, काय विचारलं, कोण हजर होतं, काय लिहिलं. सगळं ठरतं त्या थोड्या वेळात, आणि नेमकं तेव्हाच समोरच्या माणसाचं डोकं चालत नसतं.

हंगाम सुरू झाला की हणजूण, वागातोर, मोरजी, हरमल या पट्ट्यात रात्रीची नाकाबंदी लागते. तिथून पर्यटक जातात, तशी हॉटेलातून सुटलेली पोरं, टॅक्सीवाले, पायलट म्हणजे मोटरसायकल टॅक्सीवाले, पहाटे मासळीला निघालेल्या बायकाही जातात. अमली पदार्थांचा धंदा मोडलाच पाहिजे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. किनाऱ्यावरच्या घरांनी यात पोरं गमावली आहेत. पण कायदाही तेवढाच कडक आहे. सापडलेला माल 'व्यावसायिक प्रमाणात', म्हणजे कायद्याने ठरवलेल्या मोठ्या साठ्याइतका, ठरला की किमान दहा वर्षं कैद आणि जामीन जवळपास अशक्य. एमडीएमए या रासायनिक अमली पदार्थासाठी ते प्रमाण फक्त १० ग्रॅम, चरससाठी १ किलो, गांजासाठी २० किलो. इतकी मोठी शिक्षा ज्या झडतीवर उभी राहते, ती झडती स्वच्छच हवी.

तुमचे अनुभव लिहा. अधिकाऱ्याचं नाव, पोलीस स्थानक आणि चालू खटल्याचा तपशील नको. बाकी मोकळेपणाने लिहा.

मोपाचा टॅक्सीवाला (पेडणे)

मोपाचं विमानतळ जानेवारी २०२३ मध्ये सुरू झालं, तेव्हापासून माझी गाडी तिथेच लागते. एकदा रात्री उशिराच्या विमानाचे तिघे प्रवासी घेऊन वागातोरला निघालो होतो. वाटेत नाकाबंदी. कागद बघून झाले, मग डिकी उघडायला सांगितली. एका लहान काळ्या सॅकवर टॉर्च मारून हवालदाराने विचारलं, "ही कुणाची?" तिघेही गप्प. त्यातल्या एकाने माझ्याकडे बघितलं आणि माझ्या पोटात गोळा आला. परमिट, बॅज, गाडीचे हप्ते, सगळं डोळ्यांसमोरून गेलं. शेवटी मागे बसलेला म्हणाला, माझी आहे. आत कपडे आणि चार्जर निघाले. झोपेत होता म्हणे.

तेव्हापासून प्रत्येकाला आपापली बॅग स्वतःच्या हाताने डिकीत ठेवायला लावतो आणि झाकण लावायच्या आधी फोटो काढतो. कुणी कुरकुरलं तर सांगतो, तुमच्याच सामानाच्या काळजीपोटी. वकीलताई, माल प्रवाशाचा आणि गाडी माझी असेल तर मी अडकतो का?

धागाकर्ती

दादा, कलम २५ प्रमाणे गाडीचा मालक किंवा ताबेदार अडकतो तो त्याने जाणूनबुजून गाडी वापरू दिली तर. पण याच कायद्यात कलम ३५ आणि ५४ आहेत. माल तुमच्या ताब्यात सापडला की तुम्हाला ठाऊक होतं असं न्यायालय धरून चालतं, आणि ठाऊक नव्हतं हे तुम्हाला सिद्ध करावं लागतं. इतर गुन्ह्यांत असं सहसा नसतं. म्हणून तुमचा तो डिकीचा फोटो लाखमोलाचा आहे. जपून ठेवा.

आणखी एक. संशयाला कारण असेल तर गाडी थांबवून तपासण्याचा अधिकार कलम ४९ देतं. पण टॅक्सी हे सार्वजनिक वाहन, तिला कलम ४३ लागतं. खासगी गाडी रस्त्यावर उभी असली तरी ती सार्वजनिक जागा होत नाही, तिला कलम ४२ लागतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ च्या बूटा सिंग निकालात सांगितलं. कलम ४२ मध्ये मिळालेली खबर आधी लिहून काढावी लागते आणि तिची प्रत ७२ तासांत वरिष्ठांकडे जावी लागते. तेवढं न केल्यामुळे त्या खटल्यातले आरोपी सुटले.

डिचोलीची, पणजीत नोकरी

शिफ्ट संपवून स्कूटरवरून घरी येत होते. सोबत मैत्रीण. नाक्यावर थांबवलं, डिकी बघितली, पर्स बघितली. इथपर्यंत ठीक. मग एकाने जॅकेटचे खिसे चाचपायला हात पुढे केला. मी दोन पावलं मागे सरले आणि म्हटलं, "साहेब, महिला पोलीस बोलवा, मी थांबते." आवाज कापत होता माझा. तो चिडला. "लपवायला काही नाही तर घाबरतेस कशाला?" असं म्हणाला. पण बाजूच्या जीपमध्ये बसलेल्या अधिकाऱ्याने ते ऐकलं आणि लगेच फोन लावला. महिला कॉन्स्टेबल यायला बराच वेळ लागला. आम्ही दोघी दिव्याखाली उभ्या, येणारा-जाणारा प्रत्येकजण गाडी हळू करून बघून जाणार. कॉन्स्टेबल आल्या, जीपच्या आडोशाला नेऊन तपासलं, "जा बाय" म्हणाल्या. एवढंच झालं. पण आईला अजून सांगितलेलं नाही, ती नोकरी सोडायला लावेल.

माझा प्रश्न: पर्ससाठीही मी महिला पोलीस मागू शकले असते का?

धागाकर्ती

तू केलंस ते अगदी बरोबर केलंस. बाईची झडती बाईनेच घ्यायची, हे कलम ५०(४) मध्ये स्वच्छ लिहिलेलं आहे. त्याला अपवाद नाही.

पर्सचं मात्र वेगळं. कलम ५० चं संरक्षण अंगझडतीला आहे. बॅग, पर्स, सॅक, गाडी हे 'अंग' नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये पवनकुमार प्रकरणात म्हटलं आणि २०२३ मध्ये रंजनकुमार चढ्ढा प्रकरणात तेच कायम केलं. मला स्वतःला हे पटत नाही. खांद्याला अडकवलेली पर्स आणि जॅकेटचा खिसा यांत वितभर अंतर असतं. पण आज कायदा असा आहे आणि तो माहीत असलेला बरा.

अंगझडतीआधी अधिकाऱ्याने सांगायलाच हवं, की जवळच्या राजपत्रित अधिकाऱ्यासमोर किंवा दंडाधिकाऱ्यासमोर झडती घ्या असं म्हणण्याचा तुम्हाला हक्क आहे. हक्क तुमचा, पण तो सांगण्याची जबाबदारी त्यांची, असं घटनापीठाने १९९९ मध्ये बलदेव सिंग प्रकरणात आणि पुन्हा २०१० मध्ये विजयसिंह जाडेजा प्रकरणात ठरवलं. आणि फारसं कुणाला ठाऊक नसलेली गोष्ट: त्या राजपत्रित अधिकाऱ्याला किंवा दंडाधिकाऱ्याला संशयाला काही आधार दिसला नाही, तर झडती न घेता तुम्हाला सोडण्याचा अधिकार त्याला आहे.

बांद्याचा, रोज पत्रादेवी ओलांडणारा

एमएच-०७ ची नंबरप्लेट म्हणजे थांबवणारच. सावंतवाडी, बांदा, दोडामार्ग इकडची शेकडो पोरं रोज कामाला गोव्यात येतात. डबा उघडून दाखवतो, टूलबॉक्स दाखवतो. पोलिसांवर राग नाही. फक्त दरवेळी "कुठून आणलंस?" असं विचारून सुरुवात होते, ते लागतं मनाला. "कुठे निघालास?" असं विचारलं तरी उत्तर तेच मिळेल.

म्हापसा बाजारातला दुकानदार

मी पंच, म्हणजे झडतीचा तिऱ्हाईत साक्षीदार होतो, त्या बाजूनेही कुणीतरी लिहायला हवं.

संध्याकाळी दुकान आवरत होतो. ओळखीचा हवालदार आला. म्हणाला, पंच म्हणून चला, अर्ध्या तासात सोडतो. गेलो. परतलो तेव्हा उजाडायला आलं होतं.

एक मुलगा उभा होता, माझ्या पुतण्याच्या वयाचा. अधिकाऱ्याने आधी स्वतःचे खिसे उलटे करून आम्हाला दाखवले, मग आमचेही दाखवायला लावले. आपण काही आणलेलं नाही हे त्या मुलालाही दिसावं म्हणून. मग त्याला हक्क वाचून दाखवला. संयुक्त मामलेदारांना, म्हणजे तालुक्याच्या महसूल अधिकाऱ्यांना बोलावलं होतं, त्यांची वाट बघण्यातच बराच वेळ गेला. ते आल्यावर झडती झाली. पँटच्या आतल्या खिशातून प्लास्टिकची छोटी पुडी निघाली. ती इलेक्ट्रॉनिक काट्यावर ठेवली. आकडा स्थिर होईना, कारण पंख्याचा वारा लागत होता. पंखा बंद करून पुन्हा वजन केलं. टेस्ट किटमधल्या थेंबाने भुकटीचा रंग बदलला. मग पाकीट, पाकिटावर चिठ्ठी, चिठ्ठीवर आमच्या सह्या, वर लाख वितळवून मोहोर. लाख बोटाला चटकते, त्याचा डाग दुसऱ्या दिवशीही होता.

हे सगळं इतक्या बारकाईने सांगतोय, कारण पुढे काही वर्षांनी न्यायालयात मला हेच विचारलं गेलं. पाकिटाचा रंग कोणता? मोहोर किती ठिकाणी होती? पंचनामा तुमच्यासमोर लिहिला की आयता टाइप केलेला आणला? वाचून सही केलीत की न वाचता? माझ्यासोबतच्या दुसऱ्या पंचाने सही केली होती, पण वाचलं काहीच नव्हतं. तो साक्षीच्या पिंजऱ्यात घाम पुसत राहिला. मला आठवलं, कारण मी प्रत्येक पान वाचलं होतं आणि एका ठिकाणी वेळ चुकली होती, ती दुरुस्त करायला लावली होती. अधिकारी वैतागला होता तेव्हा. साक्षीनंतर बाहेर भेटला आणि हात जोडले त्याने.

पंच व्हायला कुणी तयार नसतं. दुकान बुडतं, न्यायालयाच्या तारखा संपत नाहीत, आणि आरोपीचे भाऊबंद बाजारात भेटतात. तरी जा. त्या खोलीत तिऱ्हाईत माणूस एवढा तुम्हीच असता. आणि न वाचता सही करू नका.

निवृत्त उपनिरीक्षक (फोंडा)

दुकानदार साहेबांना नमस्कार. असे पंच मिळाले असते तर माझ्या निम्म्या केसेस टिकल्या असत्या.

आमच्या बाजूने सांगतो. रात्री बारा वाजता खबर येते, माणूस अमुक ठिकाणी अमुक गाडीवर येणार. अर्धा तास हातात. त्यात खबर लिहायची, वरिष्ठांना कळवायचं, पंच शोधायचे, राजपत्रित अधिकारी शोधायचा, काटा, लाख, पाकिटं घ्यायची. यातलं एक चुकलं की वर्षानुवर्षांची मेहनत पाण्यात. माझ्या एका केसमध्ये आरोपीला लिहून दिलं होतं, की दंडाधिकारी, राजपत्रित अधिकारी किंवा आमचेच अधिकारी, कुणासमोर झडती हवी ते सांग. हा तिसरा पर्याय कायद्यात नाहीच. २०१४ मध्ये परमानंद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो चुकीचा ठरवला, आणि आमचा आरोपी सुटला. माल त्याचाच होता, मला आजही खात्री आहे. पण न्यायालय बरोबर होतं. ती पद्धत मोडायची मुभा पोलिसाला दिली, की पुढच्या वेळी पुडी कुणाच्याही खिशात निघेल.

तरुण सहकाऱ्यांना एक सांगणं. साध्या वाहन तपासणीत अचानक माल सापडला, तर त्या क्षणापासून एनडीपीएसची पद्धत सुरू करा, असं १९९४ च्या बलबीर सिंग निकालापासून सांगितलं जातंय. आणि विनाकारण त्रास देण्यासाठी घेतलेली झडती हा अधिकाऱ्याचा स्वतःचा गुन्हा आहे. कलम ५८, सहा महिन्यांपर्यंत कैद. ते कलम वापरलं गेलेलं मी माझ्या नोकरीत पाहिलं नाही. वापरायला हवं होतं, अशा वेळा पाहिल्या.

हरमलचा खोलीवाला

आमच्या भाड्याच्या खोलीवर रात्री धाड पडली. भाडेकरूची पडताळणी केलेली, परदेशी पाहुण्यांचा सी फॉर्म वेळेत भरलेला, म्हणून मला कुणी काही बोललं नाही. अधिकाऱ्याने रात्री वॉरंटशिवाय का आलो याची कारणं लिहिलेला कागद माझ्यासमोर धरला. सूर्यास्तानंतर घरात शिरायचं तर हे आधी लिहावं लागतं, हे तेव्हा कळलं. खोलीत काही सापडलं नाही. तसा कागद करून दिला, तो मी फाइलला लावलाय. सगळ्या खोलीवाल्यांनी मागून घ्यावा.

साखळीहून

माझा अनुभव थोडा वेगळा आहे. सासऱ्यांना कर्करोग होता. शेवटच्या महिन्यांत बांबोळीच्या गोमेकॉतून, म्हणजे गोवा मेडिकल कॉलेजच्या इस्पितळातून, मॉर्फिनच्या गोळ्या मिळायच्या. त्या घेऊन येताना तपासणीत पर्समधली पाकिटं निघाली. पोरगेल्या पोलिसाने 'मॉर्फिन' वाचलं आणि त्याचा चेहराच बदलला. मला गाडीतून उतरवलं, नवऱ्याला बाजूला घेतलं. माझ्या डोळ्यांसमोर घरी कण्हत पडलेले सासरे. डॉक्टरांची चिठ्ठी, केस पेपर, सगळं पिशवीत होतं. वरिष्ठ आले, शांतपणे वाचलं, तारीख आणि गोळ्यांची संख्या जुळवली, आणि म्हणाले, "लवकर जा ताई, ते वाट बघत असतील." त्या माणसाचे उपकार मी विसरणार नाही.

ज्यांच्या घरी असं दुखणं आहे त्यांना सांगते, औषध आणि चिठ्ठी कधीच वेगळ्या पिशवीत ठेवू नका.

धागाकर्ती

साखळीच्या ताई, तुम्ही लिहिलंत हे फार मोलाचं आहे. वैद्यकीय उपयोग या कायद्याने पहिल्यापासून वगळलेला आहे, आणि २०१४ च्या दुरुस्तीने मॉर्फिनसारखी औषधं 'अत्यावश्यक' म्हणून वेगळी काढली, ती अशाच रुग्णांसाठी. झोपेच्या काही गोळ्या आणि ट्रामाडॉलही या कायद्याखाली येतात, तेव्हा त्यांनाही तुमचाच नियम लावावा.

मोपाचा टॅक्सीवाला

अजून एक विचारतो. झडती चालू असताना आम्ही मोबाइलवर व्हिडिओ काढला तर चालतो का? एकदा माझा फोन हिसकावून घेतला होता.

धागाकर्ती

हिसकावून घेणं चुकीचंच. पण वाद घालत चित्रण करण्यापेक्षा वेगळी मागणी करा. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ प्रमाणे झडती आणि जप्तीचं दृक-श्राव्य चित्रण पोलिसांनीच करायचं आहे आणि ते विनाविलंब दंडाधिकाऱ्यांकडे पाठवायचं आहे. "साहेब, रेकॉर्डिंग सुरू आहे ना?" एवढंच विचारा, शांत आवाजात, पंचांना ऐकू जाईल असं. जप्तीच्या यादीची प्रत मागा. आणि अटक झालीच, तर घरच्यांना कळवायला सांगा आणि १५१०० वर फोन करायला सांगा, विधी सेवेचा वकील मोफत मिळतो.