आमदारकी केलेला माणूस न्यायाधीशाच्या खुर्चीत चालेल का? (सँड्रा डे ओकॉनर)

वाळूघड्याळ
सँड्रा डे ओकॉनर म्हटलं की सगळीकडे एकच ओळ येते, अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टातल्या पहिल्या महिला न्यायाधीश, १९८१. त्याच्या आधीची बारा वर्षं कुणी बघतच नाही आणि माझ्या मते बाई खऱ्या घडल्या त्या तिथेच. १९५२ ला स्टॅनफर्डमधून लॉ केलं, वर्गात अगदी वरच्या नंबरात, तरी मोठ्या फर्म्स दारात उभं करेनात, एका ठिकाणी विचारलं टायपिंग कसं आहे. मग कॅलिफोर्नियातल्या सॅन मटेओ काउंटीच्या (काउंटी म्हणजे आपल्याकडचा जिल्हा) सरकारी वकिलाकडे सुरुवातीला बिनपगारी काम, पुढे ॲरिझोना राज्यातल्या फिनिक्समध्ये मेरीवेल भागात दुकानांच्या रांगेत छोटं ऑफिस. १९६९ ला ॲरिझोनाच्या राज्य सिनेटमधली (विधिमंडळाचं वरचं सभागृह) एक जागा रिकामी झाली तिथे नेमणूक, नंतर दोनदा निवडून आल्या आणि १९७३ ला तिथल्या बहुमतवाल्या पक्षाच्या नेत्या झाल्या, तोवर अमेरिकेत कुठल्याच राज्यात हे पद बाईला मिळालं नव्हतं. आणि हे सगळं हातात असताना १९७४ ला फिनिक्सच्याच मॅरिकोपा काउंटीच्या कोर्टात जज व्हायला निवडणुकीला उभ्या राहिल्या, तिथे तेव्हा जज मतांवर निवडून यायचे! आपल्याकडे सभागृहनेत्याने आमदारकी सोडून जिल्हा कोर्टात बसावं तसं.

मला हेच आवडतं. सिनेटमध्ये एका विधेयकात राहिलेला एक स्वल्पविराम घालायला त्यांनी रीतसर दुरुस्ती मांडली होती. नवराबायकोच्या सामायिक मिळकतीचा कारभार एकट्या नवऱ्याकडे असायचा, तो कायदा बदलून घेतला. आणि मग काउंटी कोर्टात, खोटे चेक दिल्याचं कबूल केलेली दोन मुलांची आई समोर उभी, मुलांसाठी दया मागतेय, हिला तुरुंगात पाठवलं आणि स्वतः चेंबरमध्ये जाऊन रडल्या. कायदा लिहायचा कसा आणि तो माणसावर पडतो कसा, दोन्ही बघितलेला माणूस कोर्टात हवाच असं माझं ठाम मत आहे.

रोजनामा
ताई, बाई मोठ्या होत्या यात वाद नाही, पण तुमचं म्हणणं मला मान्य नाही. मी वीस वर्षं तालुका कोर्टात वकिली करतोय. नवीन जज आले की पक्षकाराचा पहिला प्रश्न कलमाचा नसतो, "साहेब कुणाचे?" हा असतो. परीक्षा देऊन आलेत, बाहेरच्या जिल्ह्यातले आहेत, काही वर्षांनी बदलून जाणार, एवढं सांगितलं की त्याच्या जिवात जीव येतो. एका रस्त्याच्या दाव्यात गावातल्या पुढाऱ्याचा माणूस दर तारखेला मागच्या बाकावर नुसता येऊन बसायचा, बोलायचा काहीच नाही, आणि माझा अशील साक्ष देताना सारखा तिकडेच बघायचा. उद्या तोच पुढारी वर खुर्चीत बसला तर अशिलाने बघायचं कुणाकडे?

आपल्याकडे एक झालंय ना. काँग्रेसचे बहारुल इस्लाम राज्यसभेतून गुवाहाटी हायकोर्टात गेले, मग १९८० ला सुप्रीम कोर्टात, बिहारचे काँग्रेसचे मुख्यमंत्री जगन्नाथ मिश्र यांच्या खटल्यात मिश्रांच्या बाजूने निकाल दिला, जानेवारी १९८३ ला राजीनामा आणि लगेच परत राज्यसभा. आणि ओकॉनरबाईंचं म्हणाल तर २००० ला राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीवरून झालेल्या बुश विरुद्ध गोर खटल्यात ५-४ निकाल लागला, पाचात त्या होत्या, जिंकले त्यांच्याच जुन्या रिपब्लिकन पक्षाचे बुश. मनात काही नसेलही, पण हरलेल्याला ते पटवणार कोण?

फिनिक्सकर
एक राहतंय. १९७४ ला ज्या निवडणुकीत ओकॉनर जज झाल्या त्याच निवडणुकीत ॲरिझोनाच्या मतदारांनी आमच्या मॅरिकोपा काउंटीत जज निवडून द्यायची पद्धतच बंद केली, आणि ती बंद व्हावी म्हणून सिनेटमध्ये असताना जोर लावणाऱ्यांत त्या स्वतः होत्या. आता समिती नावं सुचवते, गव्हर्नर त्यातला एक नेमतो आणि आम्ही ठराविक वर्षांनी ठेवायचं की नाही एवढंच सांगतो. मतपत्रिका पोस्टाने घरी येते, मी आणि बायको जेवणाच्या टेबलावर पसरून बसतो, जजांची नावं संपता संपत नाहीत, प्रत्येकापुढे होय आणि नाही, कुठल्याच नावापुढे पक्ष लिहिलेला नसतो. जजांच्या कामाचा अहवाल आयोग छापतो तो बाजूला उघडून ठेवतो आणि एकेक खूण करतो. ज्या पद्धतीने आपण निवडून आलो तीच मोडायला लावणाऱ्या बाईला पक्षाचा माणूस कसं म्हणायचं?

वाळूघड्याळ
अगदी! आणि १९७९ ला त्यांना अपील कोर्टात बढती दिली ती गव्हर्नर बॅबिट यांनी, ते डेमोक्रॅट. जजच्या निवडणुकीतल्या प्रचारावरच्या २००२ च्या मिनेसोटाच्या खटल्यात तर त्यांनी स्वतंत्र मत लिहून सांगितलं की निवडणुकीला उभं राहावं लागणाऱ्या जजला गाजलेल्या खटल्याच्या निकालात स्वतःचं काहीतरी अडकलंय असं वाटणारच.

वकीलसाहेब, कृष्ण अय्यरांना कुठे बसवणार? केरळात १९५७ च्या नंबूद्रीपादांच्या कम्युनिस्ट मंत्रिमंडळात मंत्री, १९६८ ला केरळ हायकोर्ट, १९७३ ला सुप्रीम कोर्ट. कैद्यांच्या हक्कांवर त्यांनी जे लिहिलं ते आजही तुम्हीच कोर्टात वाचून दाखवता.

रोजनामा
दाखवतो, मनापासून दाखवतो. पण एक कृष्ण अय्यर दाखवून दार उघडलंत की त्या दारातून कोण कोण येईल त्याची यादी माझ्या तालुक्यातच तयार आहे. आणि फिनिक्सकर, तुमच्या उदाहरणाने माझंच म्हणणं पक्कं होतंय. आत राहून बघितलेल्या बाईलाच वाटलं की जजने मतं मागू नयेत.

वाळूघड्याळ
जजने मतं मागू नयेत हे मलाही मान्य आहे, पण आधी कधीतरी मागितलेली असावीत. २००३ मध्ये निवडणुकीतल्या पैशावरच्या कायद्याचा खटला आला तेव्हा नऊ जणांत लोकांच्या मतावर निवडून आलेल्या त्या एकट्याच होत्या, आणि तो कायदा बहुतांशी टिकवणारा निकाल लिहिणाऱ्या दोघांतल्या एक त्याच. २००६ ला निवृत्त झाल्या आणि २०१० ला त्यांच्याविना बसलेल्या कोर्टाने ५-४ ने त्यातला मोठा भाग उडवला. आजच्या नऊ जणांत निवडणूक लढवून पद मिळवलेला एकही नाही.

रोजनामा
हा मुद्दा वजनदार आहे, यावर माझ्याकडे लगेच उत्तर नाही. तरी माझ्या अशिलाला मी काय सांगू ते तुम्ही अजून सांगितलेलं नाही. त्या रस्त्याच्या दाव्याची पुढची तारीख मंगळवारी आहे, मागच्या बाकावर तो माणूस असणारच.