माहितीपटातील प्रत्यक्षदर्शींचे कथन कितपत प्रमाण मानावे?

प्रश्न – जिज्ञासू
गुन्ह्यांवरील माहितीपट मी नेहमी पाहतो. परवा एका माहितीपटात तीस वर्षांपूर्वीचा प्रसंग सांगताना एक बाई मारेकऱ्याच्या शर्टाच्या रंगापर्यंत सारे न अडखळता सांगत होत्या. पुढे पडद्यावर आलेल्या त्यांच्या मूळ जबाबात मात्र शर्टाचा उल्लेखच नव्हता. त्या खोटे बोलत असतील असे वाटत नाही. मग अशा कथनाकडे कसे पाहावे?

मानसशास्त्राची विद्यार्थिनी
प्रामाणिक माणसाची स्मृतीही प्रश्नाच्या शब्दांनुसार वळते. लॉफ्टस आणि पामर या मानसशास्त्रज्ञांच्या १९७४ च्या प्रयोगात मोटार अपघाताची फीत दाखवून ५० जणांना गाड्या ‘जोरात आदळल्या’ तेव्हा वेग किती होता असे विचारले, तर दुसऱ्या ५० जणांना केवळ ‘धडकल्या’ असा शब्द वापरून. आठवड्यानंतर फुटलेल्या काचा पाहिल्याचे पहिल्या गटातील १६ जणांनी सांगितले, दुसऱ्या गटातील ७ जणांनी; फितीत काचा नव्हत्याच. माहितीपटात तर मुलाखतकाराचा प्रश्न बहुधा कापलेला असतो, त्यामुळे कोणत्या शब्दाने ते उत्तर निघाले हे आपल्याला कळतच नाही.

संकलक
प्रश्नच नव्हे, ‘बहुतेक’, ‘मला वाटतं’, ‘नक्की आठवत नाही’ हेही कापले जाते, कारण त्याने गती मंदावते. मी स्वतः ते केलेले आहे आणि त्याचा मला अभिमान नाही. असा तुकडा काढला की चित्र उडी मारते. ती झाकण्यासाठी चेहऱ्याऐवजी क्षणभर हात, खिडकी किंवा जुने छायाचित्र दाखवतात. आवाज अखंड वाटतो, आणि साक्षीदार होता त्याहून अधिक ठाम.

इतिहासवाचक
तरीही सारे कथन संशयास्पद ठरवू नये. क्लोद लान्झमन यांच्या, नाझींनी केलेल्या ज्यूंच्या संहारावरील ‘शोआ’ (१९८५) या नऊ तासांहून अधिक लांबीच्या माहितीपटात जुनी चित्रफीत अजिबात नाही. त्यात ट्रेब्लिंका या नाझी मृत्यूछावणीत, मृत्यूच्या उंबरठ्यावरील स्त्रियांचे केस कापावे लागलेले अब्राहम बोम्बा केशकर्तनालयात एका माणसाचे केस कापता कापता बोलतात, आणि सोबतच्या न्हाव्याची बायको व बहीण तिथे आल्याचे सांगताना त्यांचा शब्दच खुंटतो. दिग्दर्शक पुढे बोलण्याचा आग्रह धरतो, तो आग्रह आणि ती दीर्घ शांतता दोन्ही तशीच ठेवलेली आहेत. (ते दुकान मात्र चित्रीकरणासाठी भाड्याने घेतले होते, कारण बोम्बा तोवर निवृत्त झाले होते; हेही ध्यानात असावे.) तारीख किंवा रंग यांसाठी मी जबाब आणि दप्तर पाहीन, पण त्या प्रसंगाचे माणसावर काय ओझे राहिले, हे दप्तरात सापडत नाही.

जिज्ञासू
संकलकांचे वाचून तो भाग पुन्हा लावला. शर्टाचे वाक्य सुरू होते तेव्हा पडद्यावर त्या बाईंचा चेहरा नाही. मांडीवर घडी घातलेले हात आहेत.