शब्दचर्चा : अजान ‘गायली’ की ‘दिली’?

प्रश्न : मक्का-मदिनेवरच्या माहितीपटाची श्रेयनामावली मराठीत करायची आहे. ‘अजान गायन’, ‘कुराण गायन’ चालेल का? संगीतकार ‘राग हिजाज’ म्हणतात, ते बरोबर आहे का?

उत्तर : ‘गायन’ दोन्हीकडून काढा. अजान दिली जाते, मराठीत ‘बांग देणे’ रुळलेलेच आहे. कुराणाचे पठण होते, किंवा सरळ ‘तिलावत’ लिहा. स्वर कितीही सुरेल असले तरी ऐकणारा भाविक त्याला संगीत मानत नाही. मिक्सिंग करतानाही हे पाळावे लागते. अजानेआधी दोन-तीन सेकंद वाद्ये पूर्ण विरू द्या, खाली तंबोऱ्यासारखी आस ठेवू नका. अजान देणारा मुअज्जिन वाद्यांची प्रमाण ४४० हर्ट्‌झची पट्टी धरून अजान देत नाही. सिंथेसायझरची आस थोडी जरी इकडेतिकडे असली तरी बेसूर वाटतो तो मुअज्जिनच. कुराणाची आयत (वचन) मात्र मध्येच कापू नका, अर्थ फिरतो.

‘राग’ नको, ‘मकाम हिजाज’ म्हणा; मकाम म्हणजे अरबी संगीतातला रागासारखा स्वरप्रकार. निवेदनात नुसते ‘हिजाज’ आले तर मक्का-मदिनेचा प्रदेश असाही अर्थ होतो. या मकामात रे, ध, नि कोमल, बाकी शुद्ध, म्हणजे स्वर बसंतमुखारी रागाचे. चलन मात्र निराळे. दुसरा एक मकाम रास्त, त्याचा गंधार कोमल आणि शुद्ध यांच्या मधोमध पडतो, पेटीवर तो मिळतच नाही. कीबोर्डवर शुद्ध गंधार सुमारे ५० सेंट, म्हणजे पाव स्वर, उतरवावा, आणि तसाच निषादही. हे न केल्यास रास्तचा बिलावल (सगळे स्वर शुद्ध) होतो.

पुरवणी : वरचे सगळे पटले. ‘अजान’ एवढेच लिहून ठेवले की संकलक हाताला लागेल ती लावतो, म्हणून ध्वनिफितीवर वेळ आणि ठिकाण दोन्ही लिहा. सुन्नी मशिदींत फज्रच्या (पहाटेच्या नमाजेच्या) अजानेत ‘अस्सलातु खैरुम मिनन नौम’, म्हणजे झोपेपेक्षा नमाज उत्तम, हे जादा वाक्य असते. ते भर दुपारच्या दृश्यावर आले की जाणकाराला लगेच खटकते. नजफ-करबला या इराकमधल्या शिया तीर्थांच्या दृश्यांना तिथलीच अजान हवी, कारण शिया अजानेत ‘हय्या अला खैरिल अमल’, म्हणजे सर्वोत्तम कर्माकडे या, हे वाक्य येते.

‘सूफी संगीत’ असा मोघम शब्दही संगीतकाराला देऊ नका. त्यावरून तो मक्केच्या दृश्याला कव्वालीचा ठेका लावून मोकळा होईल. तिथे शब्दाविना मानवी आवाज आणि फार तर डफ पुरे. नेय (बोरूची बासरी) तुर्कस्तानातल्या कोन्याच्या दृश्यांसाठी राखून ठेवा, तिथल्या मेवलेवी सूफींच्या समामध्ये (गिरक्या घेत होणाऱ्या विधीत) ती वाजतेच.