तोतया मालक उभा करून प्लॉट विकणाऱ्यांना अटकपूर्व जामीन का?

वाटसरू: ओळखीतल्या एका काकांचा तळेगावकडे प्लॉट, ते स्वतः मस्कतला. इकडे त्यांच्या नावाचं बनावट आधार घेऊन कुणीतरी दुय्यम निबंधकासमोर बसला, फोटो-अंगठा दिला आणि खरेदीखत करून मोकळा. फेरफाराची नोटीस गावच्या बंद घराच्या पत्त्यावर. गुन्हा नोंदवल्यावर एजंट आणि ओळख देणारे दोन्ही साक्षीदार सत्र न्यायालयातून अंतरिम संरक्षण (अंतिम सुनावणीपर्यंत अटक नाही) घेऊन आले. बनावट खरेदीखताला जन्मठेपेपर्यंत शिक्षा (दंड संहितेचं जुनं कलम ४६७, आता न्याय संहितेचं ३३८), आणि हे लोक बाहेर! अशा गुन्ह्यांत अटकपूर्व जामिनाची सोयच नको.

काळा_कोट: राग समजतो, पण १९८० च्या गुरबक्षसिंग सिब्बिया निकालात पाच न्यायमूर्तींनी सरसकट बंदी नाकारली आहे. जन्मठेपेचं कलम लागलं म्हणून दार बंद होत नाही. शिवाय या गुन्ह्यात पुरावा कागदाचा. दस्त, फोटो, अंगठा सगळं निबंधकाकडे. सहीचा नमुना हवा तर नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा) कलम ३४९ खाली दंडाधिकारी अटकेशिवायही तो द्यायला लावू शकतात. मग कोठडी कशाला?

निवृत्त_फौजदार: कागद सापडतो हो, माणूस सापडत नाही. आधार कुठे छापलं, तोतया कुणी आणला, त्याला किती दिले, हे निबंधकाच्या रजिस्टरात नसतं. संरक्षण असलेला आरोपी ठरल्या वेळी येतो, हजेरी लावतो, 'आठवत नाही' म्हणतो आणि जातो. १९९७ च्या अनिल शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेच म्हटलंय की जामिनाचं कवच असलेल्याच्या चौकशीपेक्षा कोठडीतल्या चौकशीतून जास्त निघतं.

काळा_कोट: आणि कोठडीतून कबुली कशी निघते हेही तुम्हाला ठाऊक असेलच, साहेब. ४६७ लावणं सोपं आहे. २००९ चा महंमद इब्राहिम निकाल बघा: दुसऱ्याची जमीन 'माझीच' म्हणून स्वतःच्या नावाने विकली तर ती बनावट दस्ताची केस नव्हे, दुसरा माणूस बनून सही केली तर आहे. भाऊबंदकीत बहिणीचा हिस्सा वगळून विकला तरी लोक हेच कलम लावून आणतात. त्यांनाही आत टाकायचं?

वाटसरू: भाऊबंदकीचं बोलतंय कोण? मी तोतयांबद्दल बोलतोय.

निवृत्त_फौजदार: तोतयांचंच घ्या. २०१८ च्या शीला सेबॅस्टियन प्रकरणात मालकिणीच्या जागी दुसरीच बाई उभी करून कुलमुखत्यारपत्र केलं. तपास त्या बाईपर्यंत पोचलाच नाही. ज्याला फायदा झाला त्याने दस्त स्वतः केला नव्हता, म्हणून बनावटीच्या आरोपातून तो सुटला. साखळीतला पहिला माणूस हातचा गेला की पुढचे सगळे असे सुटतात. म्हणून ओळख देणाऱ्या साक्षीदारांची कोठडी मला हवी. 'मी यांना ओळखतो' अशी सही त्यांनी केलीय ना?

कर्जदार_ग्राहक: मी दुसऱ्या बाजूचा. असाच प्लॉट घेतला. मुद्रांक शुल्क भरलं, बँकेने सर्च रिपोर्ट (मालकीच्या जुन्या नोंदींची तपासणी) पाहून कर्ज दिलं. फिर्यादीत खरेदीदार म्हणून माझंही नाव! पैसे बुडाले, हप्ते चालू, वर पोलीस घरी. ती 'सोय' नसती तर मी आत असतो आणि एजंट बाहेर. तोतया आणि मी एकाच पंक्तीत?

वाटसरू: तुम्हाला मिळावा. पण एजंटाला द्यायचाच असेल तर आधी सगळी रक्कम कोर्टात भरायला लावा.

काळा_कोट: तीही अट चालत नाही. फसवणुकीची रक्कम भरणं ही जामिनाची अट करू नका, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये रमेशकुमार प्रकरणात सांगितलंय. जामीन म्हणजे वसुली नव्हे. काकांना म्हणावं, दस्त रद्द करायचा दिवाणी दावा टाका आणि लिस पेंडन्सची नोटीस (प्लॉटवर दावा चालू आहे, याची नोंद) नोंदवा, म्हणजे प्लॉट तिसऱ्याला विकला तरी त्यालाही दाव्याचा निकाल बांधील राहील.

निवृत्त_फौजदार: हे मात्र पटलं. आणि एजंटाच्या अर्जावर अंतिम सुनावणी असेल त्या दिवशी फिर्यादीतर्फे वकील उभा करा. सरकारी वकिलाकडे त्या दिवशी ढीगभर फायली असतात. कोठडी नेमकी कशासाठी हवी, ते मुद्दे तपास अधिकाऱ्याच्या म्हणण्यात लेखी आलेत का, हे आदल्या दिवशीच बघा. नुसतं 'तपास बाकी आहे' लिहिलेलं असेल तर जामीन कायम झालाच समजा.